एकतीस नंबरचं स्वप्न

अंगाऱ्यासाठी गोवऱ्यांची राख जुन्या धोतराच्या फडक्यातून दोनदा गाळायची. चिमूटभर कापूर कुटून टाकायचा, वासापुरता. चार बोटं रुंद कागदात पुडी बांधायची. कागद कोणताही चालतो.

*

प्रपत्र ब. माहिती तीन प्रतींत सादर करावी. गोपनीयतेसाठी विद्यार्थ्याचे नाव लिहू नये. इयत्ता व हजेरी क्रमांक लिहावा. दरमहा किमान दहा प्रकरणे अपेक्षित.

*

आयुष विहिरीत बुडी मारतो तेव्हा काठावरची पोरं मोठ्याने आकडे मोजतात. सत्तरच्या आत तो कधी वर आलेला नाही.

*

झेरॉक्स मशीनमधून पहिला कागद काळा निघतो, दुसरा तिरपा. तिसरा चांगला निघणार एवढ्यात लाइन जाते.

*

पेटी निळी आहे. बैलगाडी रंगवून उरलेला रंग तिला लावला. वर पांढऱ्या अक्षरांत लिहिलंय: मनातलं सांगा. पेटी दर शुक्रवारी उघडते.

*

विज्ञानाचे शिक्षक तोंडाला रुमाल गुंडाळून बुवाच्या रांगेत उभे आहेत.

*

हे सगळे तुकडे एकाच गोष्टीचे. चारुदत्त सर ही गोष्ट सांगायला बसले की नेहमी रुमालापासून सुरू करतात, कारण तोच त्यांना सगळ्यात जास्त झोंबतो. आपण गर्दीपासून सुरू करू.

साल दोन हजार सहा, श्रावणातला रविवार. राळेगाव तालुक्यातल्या सावरखेडीत मारुतीच्या सभामंडपात पाय ठेवायला जागा नव्हती. खांबाला टेकून यज्ञेश्वर महाराज बसले होते. भगवी लुंगी, पांढरी शुभ्र दाढी आणि डोळे अर्धे मिटलेले. पूर्ण मिटले तर चप्पलचोर दिसत नाहीत, असं गावातले वात्रट लोक म्हणत. महाराजांची ख्याती अशी की ते लेकरांची मनं वाचतात. मोठ्यांची नाही, फक्त शाळकरी लेकरांची.

"मी इचारत नाही," महाराज म्हणाले. "मी वाचतो. लेकराचं मन म्हणजे पुस्तक. आन् तुमच्या साऱ्या वर्गाची पुस्तकं माह्याजवळ आहेत!"

शेजारी बसलेल्या बबनरावांनी मान डोलावली. बबनराव हे महाराजांचे गावातले मुख्य सेवेकरी. एसटी थांब्याजवळ त्यांचं झेरॉक्सचं दुकान होतं.

"विमल कोण आहे?" महाराजांनी विचारलं.

विमलताई गर्दीतून पुढे आल्या. मागे त्यांची मुलगी सुरभी, नववीतली. दोन वेण्या, शाळेचाच फ्रॉक, रविवार असूनही.

"बाई, तुह्या घरचा माणूस बोलत नाही ना?"

"नाही जी महाराज. पेरणी मोडली तवापासून तोंड उघडत नाही. जेवतो, बसतो. बसूनच राह्यते."

"जहर आहे तुह्या घरात. कोठी आहे सांगू? पोरीच्या दप्तरात!"

दोन बाया धावत गेल्या, दप्तर घेऊन आल्या. भूमितीच्या वहीखाली, जुन्या ओढणीत गुंडाळलेली फवारणीच्या औषधाची बाटली निघाली. "अगो माय!" सभामंडप एका आवाजात म्हणाला.

"पोरीवर सावली आहे," महाराज म्हणाले. "बापाची वाचा हिनंच खाल्ली. शाळा बंद करा हिची. पुढच्या रविवारी आश्रमात धाडा, मी सावली काढतो. मंग कार्तिकात पोरगा पाहून देऊन टाका."

सुरभी रडली नाही. तिने महाराजांकडे पाहिलंही नाही. तिने गर्दीत मागे उभ्या असलेल्या चारुदत्त सरांकडे पाहिलं. सरांनी आपल्या बुटांकडे पाहिलं. बुटांना चिखल लागला होता. त्याकडे सरांनी फार बारकाईने पाहिलं.

कारण त्या बाटलीची गोष्ट जगात दोनच माणसांना ठाऊक होती. एक सुरभी. दुसरे ते.

*

चारुदत्त सर यवतमाळचे. वडील कचेरीत, आजोबा कचेरीत, त्यामुळे घरात देवापेक्षा कागदाला मान जास्त. सर स्वतः मात्र विज्ञाननिष्ठ. दर वर्षी शाळेत लिंबातून रक्त काढून दाखवत, नारळ पाण्याने पेटवून दाखवत आणि टाळ्या वाजल्या की घसा साफ करून म्हणत, "यात चमत्कार कुठला? रसायनशास्त्र!"

कापसाच्या त्या वाईट वर्षांत जिल्ह्यात सरकारी योजनांच्या जीपा फार येत. प्रत्येक जीप जाताना एखादा नमुना-फॉर्म ठेवून जाई. एका जीपने शाळेत समुपदेशन आणलं. प्रत्येक शाळेतून एक शिक्षक पाच दिवसांच्या प्रशिक्षणाला पाठवायचा होता. बाकीच्यांना कामं होती, म्हणून सर गेले. तिथे ते शिकले की मुलाच्या समोर बसू नये, थोडं तिरपं बसावं. मूल बोलत असताना दर सात सेकंदांनी मान हलवावी. आणि शेवटी सकारात्मक विचार सांगावा. प्रमाणपत्र मिळालं, पेन मिळालं, प्रपत्र ब मिळालं.

निळ्या पेटीत जुलैमध्ये सुरभीची चिठ्ठी निघाली. सरांनी तिला प्रयोगशाळेत बोलावलं. बरणीतल्या बेडकाशेजारी बसून ती सांगू लागली. बाबा एका दुपारी कोपऱ्यातल्या औषधाच्या बाटलीकडे बघत बसले होते. खूप वेळ. म्हणून ती आता रोज बाटली दप्तरात घालून शाळेत आणते आणि संध्याकाळी ते दप्तर आपल्याच उशाशी ठेवते.

"आईला सांगितलं?" सरांनी विचारलं.

"नाही. आई रडते मंग."

सरांनी दर सात सेकंदांनी मान हलवली. मग म्हणाले, "सकारात्मक विचार कर, बेटा. आणि झाकण घट्ट लावत जा."

हो, हेच म्हणाले. सुरभीच्या घरी जायचं सरांच्या मनात होतं, पण महिनाअखेर होती आणि अहवाल राहिला होता. सरांचं अक्षर मोत्यासारखं. त्यांनी रकाना भरला: इयत्ता नववी, क्र. १२. वर लाल शाईने लिहिलं, गोपनीय, खाली दोन रेघा मारल्या आणि तीन प्रती काढायला कागद बबनरावांच्या दुकानात दिले.

गोपनीय लिहिलेलं माणूस आधी वाचतं, हे प्रशिक्षणात कोणी सांगितलं नव्हतं.

*

त्या रविवारी मात्र सरांच्या डोक्यात झेरॉक्सचं दुकान आलंच नाही. विज्ञाननिष्ठ माणसाची बुद्धी किती काळ टिकते, याचं मोजमाप तेव्हा मिळालं: साधारण वीस मिनिटं. तेवढ्या वेळात त्यांनी विचार केला की हे मन वाचणं नसेल तर काय असेल? विद्युत्चुंबकीय लहरी? योगायोग? मग त्यांनी खिशातून रुमाल काढला, तोंडाला गुंडाळला आणि अंगाऱ्याच्या रांगेत उभे राहिले.

"सर, तुम्ही बी?" पुढची म्हातारी वळून म्हणाली. रुमालाचा काही उपयोग झाला नव्हता.

"मी निरीक्षण करतोय, आजी."

"करा करा. माह्याही गुडघ्याचं निरीक्षण करून द्या जरा."

सरांनी पुडी घेतली आणि खिशात ठेवली, प्रशिक्षणातल्या पेनाशेजारी. चार दिवस ती तिथेच राहिली. स्कूटर किकला सुरू झाली नाही की हात नकळत खिशाकडे जाई.

गुरुवारी विमलताई शाळेत आल्या.

"सर, पोरीचा दाखला देऊन द्या."

"ताई, ती हुशार आहे. गणितात..."

"गणितानं जहर नाही उतरत, सर. माह्या पोटची पोरगी घरात औषध लपवून राह्यली, अन् मले मायले पत्ता नाही. महाराजाले पत्ता आहे. मंग मी कोनाचं ऐकू?"

याला उत्तर होतं. सरांना ते माहीतही होतं. पण ते दिलं असतं तर 'मला माहीत होतं' हेही सांगावं लागलं असतं. सर म्हणाले, "शिक्का हेडसरांकडे आहे. हेडसर मिटिंगला गेलेत. सोमवारी या."

शिक्का त्यांच्याच ड्रॉवरमध्ये होता.

विमलताई गेल्या. सर प्रयोगशाळेत शिरले, दार लावलं, बेडकाची बरणी भिंतीकडे वळवली आणि खिशातली पुडी सोडली. कपाळाला जरासं लावून बघू, कोण बघतंय. राख जरा सांडली. खालून शाई दिसली. तिरपी झेरॉक्स होती. अक्षर मोत्यासारखं होतं.

*

इयत्ता नववी. क्र. ३१.
समस्या: विहिरीचे स्वप्न. रात्री किंचाळून उठतो.
केलेली उपाययोजना: सकारात्मक विचार.
परिणाम: समाधानकारक.

*

सर स्टुलावर बसले. पहिल्यांदा त्यांना हसू आलं, मग घाम आला.

महाराज मनं वाचत नव्हते. महाराज त्यांचा अहवाल वाचत होते. काळे आणि तिरपे निघालेले कागद बबनराव टाकून देत नसत. वाचत, महाराजांना वाचून दाखवत आणि मग त्यांच्या पुड्या बांधत. हजेरी क्रमांकावरून नाव काढणंही कठीण नव्हतं, कारण घटक चाचणीची बैठक यादी त्याच मशीनवर निघाली होती.

एवढं कळल्यावर सरांनी लगेच गावात जाऊन ओरडायला हवं होतं. पण हातातल्या कागदावर एकतीस नंबर होता.

एकतीस नंबरला असं कोणतंही स्वप्न पडलं नव्हतं. एकतीस नंबरच नव्हता. जुलैत सरांकडे प्रकरणं आली होती सात. हवी होती दहा. मग सरांनी शाळा सोडून गेलेल्या मुलांचे तीन रिकामे क्रमांक शोधले आणि त्यांच्यावर तीन दुःखं रचून लिहिली. वर्गातल्या कुणा जित्या मुलाच्या नावावर खोटं लिहायचं नाही, हे त्यांचं तत्त्व होतं, आणि त्या तत्त्वाचा त्यांना अभिमानही होता. विहिरीचं स्वप्न तर त्यांना विशेष जमलं होतं. ते लिहिताना त्यांना स्वतःलाच जरा भीती वाटली होती.

महाराजांचा खोटेपणा सिद्ध करायला याच्यापेक्षा चांगला पुरावा नव्हता. जे कुठल्याच मनात नाही, ते मन वाचणाऱ्याला दिसणार नाही. कागद वाचणाऱ्याला दिसेल. वीस वर्षं विज्ञान शिकवून सरांच्या हातून पहिला खरा प्रयोग झाला होता, आणि तोही चुकून. फक्त निष्कर्ष लोकांसमोर मांडायचा तर आधी स्वतःची चोरी मांडावी लागणार होती.

त्यांनी हेडसरांना सांगून पाहिलं. हेडसर म्हणाले, "अक्षर तुमचं, सही तुमची, खोटं तुमचं. महाराजाचं काय जाते? पोरगी काय आपल्या घरची आहे?"

आपल्या घरची नव्हती. पण तिने पाहिलं होतं त्यांच्याकडेच.

*

पुढचा रविवार. आश्रमाची जीप मारुतीच्या पारापाशी उभी. सुरभीचे कपडे एका पिशवीत बांधलेले, पिशवी विमलताईंच्या मांडीवर. सर आज रुमाल न बांधता आले होते, पण खिशात होता.

महाराजांनी डोळे अर्धे उघडले. "सत्यशीला! तुह्या नातवाले घेऊन ये."

सत्यशीलाबाई उठल्या. त्यांच्यामागे आयुष. पंधरवड्यापूर्वी महागावहून आजीकडे शिकायला आलेला. त्याचं नाव लिहून घेताना शाळेच्या कारकुनाने त्याला पहिला रिकामा दिसला तो हजेरी क्रमांक दिला होता. सरांना हे त्या क्षणी समजलं. रिकाम्या क्रमांकावर लिहिलेलं खोटं एका जित्या पोराच्या अंगावर येऊन बसलं होतं.

"बाई, हे लेकरू रात्री किंचाळते. विहीर दिसते त्याले सपनात."

"मले?" आयुष म्हणाला. "मी तं दिवसभर विहिरीतच राह्यतो!"

गर्दी फुटली हसायला. "अबे खरंच हाय! सत्तर आकडे म्हणेलोक आत असते पोट्टं!" कोणीतरी ओरडलं.

महाराजांनी हात वर केला. हसू थांबायची वाट पाहिली. एवढी कला त्यांच्यात होती. मग हळू आवाजात म्हणाले, "माणसाचं लेकरू सत्तर म्हणेलोक पान्यात राह्यते काय? इचार करा. हे बोलून राह्यलं ते पोरगं नाही. त्याच्या अंगात शिरलेली विहिरीतली आसरा बोलून राह्यली."

सत्यशीलाबाईंनी नातवाचा हात सोडला. आयुषने आजीकडे पाहिलं आणि पहिल्यांदाच तो खरोखर घाबरला.

"महाराज," सर उभे राहिले. "हे स्वप्न कुणी पाहिलं?"

"या लेकरानं, मास्तर."

"नाही. मी पाहिलं. म्हणजे मीही नाही पाहिलं. मी लिहिलं."

"काय म्हणता, सर?" सत्यशीलाबाईंनी विचारलं.

एरवी शहरी बोलणारे सर घाबरले की वऱ्हाडीवर येत. "खोटं लिवलं मी, बाई. दहा दुःखं मागितली होती वरून. माह्याजवळ सात होती. तीन मनानं लिवली. एकतीस नंबर रिकामा आहे असं वाटलं मले, म्हणून त्याच्यावर विहीर टाकली. तुमच्या नातवाले काही नाही. हे सपन कोनालेच पडलं नाही. मंग महाराजाले कोठून दिसलं?"

"मास्तर नास्तिक आहे," महाराज म्हणाले. "मास्तरवरही सावली आहे."

"असन. पण हे पाहा." सरांनी खिशातला सुरकुतलेला कागद काढला, आयुषच्या हातात दिला. "वाच. मोठ्यानं. हा एकच कागद चारचौघांत वाचता येते, कारण हा खोटा आहे."

आयुषने वाचलं. विहिरीचे स्वप्न. रात्री किंचाळून उठतो. सकारात्मक विचार. समाधानकारक. "सर, हे तं तुमचं अक्षर आहे," तो म्हणाला. "फळ्यावरचं."

"आणि हा कागद माझ्याकडे कसा आला? अंगाऱ्याची पुडी होती ही. मी घेतली होती. रांगेत उभा राहून. रुमाल बांधून." सरांना वाटलं, एवढं सांगायची गरज नव्हती. पण आता सुटलंच होतं.

"म्हनून तुम्ही निरीक्षण करून राह्यले होते!" मागून म्हातारी म्हणाली.

सगळ्या माना बबनरावांकडे वळल्या. बबनराव म्हणाले, "मले काय पाहता? मी कोठी वाचतो? मशीन वाचते!"

मग एकाने कनवटीची पुडी काढली. दुसरीने पदराची गाठ सोडली. पन्नास हात पुड्यांवर गेले, राखेचा धुरळा उडाला, कोणी कागद उजेडाला धरला, "हे पाय, नववी, क्रमांक आठ..."

"वाचू नका!"

सर एवढ्या मोठ्याने कधी वर्गातही ओरडले नव्हते. "बाप्पा, वाचू नका. महाराजानं वाचली ती चोरी, आन् तुम्ही वाचली तं काय पुण्य? तुमच्याच लेकरांनी मले इश्वासानं सांगितलेलं आहे त्याच्यात. मी ठेवू शकलो नाही. तुम्ही तरी ठेवा."

त्यांनी खिशातून रुमाल काढला आणि फरशीवर पसरला.

मग विमलताई उठल्या, अर्धी सुटलेली पुडी पुन्हा मिटली आणि रुमालावर ठेवली. मागून एकेक पुडी येत गेली. एका म्हाताऱ्याने कागद दिला, राख मात्र तळहातावर ठेवून घेतली. पित्तावर गुण येतो म्हणाला.

"सर," विमलताईंनी विचारलं, "मंग ते औषध? ते तं खरं होतं. तेही तुम्हीच लिवलं?"

"लिहिलं मी. ठेवलं तिनं. कायले ठेवलं, ते मी सांगणार नाही. ते तिचं आहे. तिले इचारा. तिले वाटलं तं सांगन."

विमलताई सुरभीकडे वळल्या. आठ दिवसांत पहिल्यांदा त्यांनी विचारलं, "काहून ठेवलं वं, बाई?"

सुरभी आईच्या कानाशी वाकली. काय बोलली ते कोणाला ऐकू आलं नाही. विमलताईंनी कपड्यांची पिशवी उचलली, तिची गाठ सोडली आणि पुन्हा बांधली. मग लेकीच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाल्या, "चाल घरी. बाबा एकटा आहे."

महाराजांनी त्या क्षणापासून मौनव्रत धारण केल्याचं खुणेने जाहीर केलं आणि जीपमध्ये जाऊन बसले. जीप मात्र पहिल्या झटक्यात सुरू झाली नाही. पोरांनी धक्का दिला. आयुष सगळ्यात पुढे होता.

*

पुढचं थोडक्यात. सोमवारी विमलताई दाखला मागायला आल्या नाहीत. मंगळवारी सुरभीचे वडील सकाळच्या एसटीने यवतमाळच्या सरकारी दवाखान्यात गेले, मनाच्या डॉक्टरकडे. सर सोबत होते. वाटेत ते पुष्कळ बोलले, वडील फक्त एकदा बोलले, "खिडकी लावता काय?" पण बोलले. औषध सुरू झालं, महिना-दीड महिन्याने जेवताना चव आहे-नाही असं म्हणू लागले. यात चमत्कार कुठला? वैद्यकशास्त्र. आणि त्यांच्या घरी सरांची रोजची फेरी.

सरांना कारणे दाखवा नोटीस आली. खुलासा तीन प्रतींत मागितला होता. सरांनी कार्बन पेपर लावून लिहिला.

मुलांसमोर ते आता व्याख्यान देत नाहीत. पालकसभेत एवढंच सांगतात: "तुमच्या लेकराच्या मनातलं कोणी सांगू लागला, तर आधी विचारा, तुला कोणी सांगितलं? बुवाला विचारा, मलाही विचारा. मन कोणाला वाचता येत नाही. लेकरू गप्प झालं तर त्यालाच विचारा, उत्तर यायला वेळ लागला तर बसून राहा, आणि आपल्याला झेपत नसेल तर डॉक्टरकडे न्या. मी मान हलवत बसलो होतो. तुम्ही ते करू नका."

सुरभी दहावीला गेली तेव्हा पेटीला नवा रंग दिला. पेटी आता शुक्रवारची वाट पाहत नाही, दिवसातून दोनदा उघडते, मधल्या सुट्टीत आणि शाळा सुटताना.

त्या जुलैत सुरभीने चिठ्ठी पेटीत टाकली तो सोमवार होता.